सुई हलत नव्हती

या सदरातले भुताखेतांचे अनुभव मी नेमाने वाचतो आणि वाचून झाल्यावर बायकोला सांगतो, "यात खिडकीची फट असणार बघ. वाऱ्याने वाजली असेल." तिला याचा राग येतो. पण माझा धंदाच तो! जवळजवळ चाळीस वर्षं सिनेमा आणि टीव्हीसाठी संगीत केलं, त्याआधी साउंड रेकॉर्डिंगमध्ये होतो. टीव्हीवरच्या भुताच्या मालिका बघताना तुम्ही पांघरुणात तोंड लपवलं असेल, तर त्यातले काही आवाज माझे आहेत. रिकाम्या माठात तोंड घालून काढलेला घोगरा श्वास, ओल्या बोटाने घासलेली काच, उलटी चालवलेली टेप... भुतं आम्ही स्टुडिओत चहा पिता पिता बनवायचो. त्यामुळे विश्वास वगैरे कधीच नव्हता. आजही "आहे" म्हणायला जीभ वळत नाही.

तरी ही एक गोष्ट सांगतो. माझ्या डोळ्यांसमोर घडली... खरं तर कानांसमोर.

त्र्याहत्तर सालचा उन्हाळा. बहात्तरच्या दुष्काळाचं ते दुसरं वर्ष. मी मूळचा नगरचा. वडील लग्नाच्या बँडमध्ये क्लॅरिनेट वाजवायचे. मला सिनेमाचा संगीतकार व्हायचं होतं म्हणून मुंबईला पळालो होतो आणि तिथे माझं पार वाटोळं झालं होतं. ज्या दोन सिनेमांना चाली दिल्या ते डब्यात गेले. नोकरी काय, तर साउंड रेकॉर्डिस्टचा असिस्टंट... वायरी गुंडाळायच्या आणि माईक धरायचा. दादरला एका खोलीत पाचजण राहायचो. त्या वर्षी मी ठरवलं होतं की आता बास. नगरला एमआयडीसी सुरू झाली होती, तिथे कुठेतरी चिकटायचं आणि हार्मोनियम विकून टाकायची.

तेवढ्यात एका डॉक्युमेंटरीचं काम आलं. विषय दुष्काळ, शूटिंग पारनेर तालुक्यात. डायरेक्टर म्हणाले होते, "चांगले आवाज आणलेस तर म्युझिकचं बघू." एवढ्या एका वाक्यावर मी गेलो.

गावाचं नाव लिहीत नाही, तिथली माणसं अजून आहेत. पारनेरपासून जीपने तासाभरावर, माळावरचं गाव. नदी-ओढे कधीच आटलेले. जनावरं छावणीत नाहीतर बाजारात गेलेली. बायामाणसं रस्त्याच्या कामावर खडी फोडत होती, घरोघर परदेशातून आलेल्या मिलो नावाच्या तांबड्या ज्वारीच्या भाकरी. टँकर यायचा, पण कधी येईल याचा भरवसा नाही. टँकर दिसला की लोक भांडी घेऊन असे धावायचे की पहिल्या दिवशी मी माईक धरायचाच विसरलो.

गावाची सगळी आशा एका विहिरीवर होती. सार्वजनिक विहीर, कोरडी ठाक. ती खोल करायचं काम चाललं होतं. तळाशी खडक लागला, तेव्हा लोकांनी झरा शोधायला आडवे बोगदे खोदायला घेतले. एक ओढ्याच्या दिशेने, दुसरा काठावर बाभळीचं झाड होतं त्या दिशेने. माणूस जेमतेम ओणवा आत जाईल एवढेच. त्या बोगद्यांत उतरायचे दोघे भाऊ, थोरला रंगनाथ आणि धाकटा पोपट. बाकीचे वर यारी, म्हणजे हाताने फिरवायचा रहाट, लावून दगड-मुरूम ओढायचे.

आम्ही रंगनाथची मुलाखत घेतली. पस्तिशीचा असेल, काटक, डोळ्यांत सदा धूळ. माझ्या हातातला माईक बघून तो जरा बिचकला. डायरेक्टरने प्रश्न विचारला की हा आधी माझ्याकडे बघायचा आणि हळूच विचारायचा, "चालू हाय का?" मी मान हलवली की मगच बोलायचा. प्रत्येक उत्तराच्या आधी तेच, "चालू हाय का?" आमचे मुख्य रेकॉर्डिस्ट सावंतसाहेब वैतागले, पण मला मजा वाटली. पाणी लागेल का, असं विचारल्यावर रंगनाथ म्हणाला, "लागंल की. न लागून कुनाला सांगतंय?" मग हसला आणि खाली उतरला.

दुसऱ्या दिवशी सकाळी विहीर ढासळली.

आम्ही देवळापाशी चहा घेत होतो. आधी पायाखाली काहीतरी हललं, मग गडगड आणि मग एका बाईची किंकाळी. धावत गेलो तर विहिरीतून पिवळ्या धुळीचा लोट वर येत होता. एका बाजूची कडा दगड-मुरमासकट खाली सरकली होती. दोन्ही बोगद्यांची तोंडं त्याखाली बुजली होती. दोघे भाऊ आत.

कामावर देखरेख करणारे तात्या नावाचे एक वयस्क गृहस्थ होते. त्यांनी जीप पारनेरला पाठवायला सांगितली. पण तिथून माणसं आणि सामान यायचं म्हणजे संध्याकाळ. तोपर्यंत बोगद्यातली हवा पुरणार नव्हती. लोक पहारी-फावडी घेऊन उतरले आणि तिथेच थबकले. खोदायचं कुठे? भाऊ नेमके कोणत्या बोगद्यात होते, हे कुणी पाहिलं नव्हतं. दोन्हीकडे एकदम खोदावं तर वरची कडा लोंबत होती. जास्त माणसं, जास्त धक्के, म्हणजे उरलेलंही खाली येणार.

"वड्याच्या अंगानंच असनार," तात्या म्हणाले. "चार दिस तिकडंच काम चाललंय."

सगळ्यांना ते पटलं. हाका मारून झाल्या. दगडावर दगड आपटून झाले. उत्तर नाही. वर काठावर रंगनाथची बायको गया खडीच्या कामावरून तशीच धावत आली होती, हातात अजून हातोडी. ती रडत नव्हती. विहिरीत बघत नुसती उभी होती.

मला काय सुचलं कोण जाणे. मी सावंतसाहेबांना म्हणालो, "माईक खाली सोडू या? दगडांच्या फटीतून? कण्हल्याचा जरी आवाज आला तरी..."

 मग त्यांनी टेप रेकॉर्डर खांद्याला लावला. "मशीन तुझ्या हाती देणार नाही. मी पण येतो," म्हणाले.

आम्ही कडेने खाली उतरलो. ढिगाऱ्याच्या मधोमध एक फट होती, हात जाईल एवढी. बांबूला बांधून माईक आत सारला, वायर जेवढी होती तेवढी. हेडफोन मी घातले. तात्यांनी हात वर केला आणि सगळी विहीर गप्प झाली. इतकी शांतता मी कुठल्याही स्टुडिओत ऐकलेली नाही.

आधी नुसता हवेचा घुमणारा आवाज. खडे सरकल्याची बारीक किरकिर. मग काहीच नाही. मी डोळे मिटले. दोघे गुदमरले असतील, संपले असतील, असं मनात येतंय तोच अगदी कानाशी, काल माईकपुढे उभा होता तितक्या जवळून—

"चालू हाय का?"

 मी फटीत तोंड घालून ओरडलो, "हो! चालू आहे! रंगनाथ, ऐकू येतंय! कुठे आहात?"

"बाभळीकडनं या." आवाज शांत होता. दमलेला, पण शांत. "पोपट हाय हितं. लई घाबारलाय."

"तुम्हाला लागलंय का?"

त्यावर काही नाही. मग, "बाभळीकडनं या. बिगीनं. त्याला हवा पुरायची न्हाई."

मी हेडफोन काढून ओरडलोच, "जिवंत आहेत! बाभळीच्या बाजूला आहेत, दोघंही!"

वर एकच गलका झाला. माणसं फावडी उचलायला लागली. पण सावंतसाहेबांनी माझं मनगट धरलं. त्यांचा चेहरा विचित्र झाला होता.

"काय ऐकलंस तू?"

मी सांगितलं.

"मी मीटरकडे बघत होतो," ते खालच्या आवाजात म्हणाले. "सुई हलली नाही. तू ओरडलास तेव्हा हलली. नंतर पडून होती."

ज्यांना हे माहीत नाही त्यांच्यासाठी सांगतो. हेडफोनमध्ये जो आवाज येतो तो मशीनमधूनच येतो. आवाज असेल तर मीटरची सुई हललीच पाहिजे. सुई पडलेली आणि कानात माणूस बोलतोय, हे होऊ शकत नाही.

त्यांनी हेडफोन स्वतःच्या कानाला लावले. बराच वेळ ऐकलं आणि 'नाही' अशी मान हलवली. मी परत घातले आणि लगेच, "बाभळीकडनं..." सुई मीही बघितली. काळ्या पट्टीच्या टोकाला मुकाट पडलेली.

तात्या जवळ आले. "साहेब, पक्कं ऐकू येतंय तुमाला?"

"येतंय."

"मंग ह्यांला का न्हाई येत?"

  भास असेल? उपाशी पोट, ऊन, रात्रीची अपुरी झोप... माझ्या शब्दावर माणसं चुकीच्या बाजूला खोदायला लागली तर दोन जीव माझ्यामुळे जाणार होते. आणि गप्प बसलो तरीही...

"वड्याकडंच धरा," कुणीतरी म्हणालं. "मुंबईवाल्याचं काय ऐकता?"

तेवढ्यात गया खाली उतरली. कुणी अडवायच्या आत माझ्यासमोर आली आणि हात पुढे केला. मी तिच्या कानांवर हेडफोन बसवले. डोक्यावरचा पदर सरकला, तो तिने सावरला नाही. ओठ घट्ट मिटून ती ऐकत राहिली. तिचा चेहरा मी अगदी जवळून बघत होतो. त्यावर काहीही उमटलं नाही.

तिने हेडफोन काढून माझ्या हातात दिले. "मला न्हाई काई ऐकू येत," म्हणाली. "तुमाला काय म्हनले, ते जसंच्या तसं सांगा."

मी सांगितलं. "पोपट हाय हितं, लई घाबारलाय," हे सांगितल्यावर तिने मला थांबवलं.

"घाबारलाय म्हनले?"

"हो."

ती तात्यांकडे वळली. "बाभळीकडनं खांदा."

"गया, अगं पर—"

"आईमागं त्यांनीच वाढवलाय पोपटाला. धाकल्याचं भ्या त्यांनाच ठावं. खांदा म्हनते ना! माझं मानूस हाय आत!"

आणि खोदायला सुरुवात झाली.

ते तास मला नीट आठवत नाहीत. माणसं आळीपाळीने मुरूम उपसत होती, टोपल्या वर जात होत्या. मी ढिगाऱ्यावर गुडघे टेकून हेडफोन घालून बसलो होतो. खोदण्याच्या आवाजाने सुई नाचत होती. थोड्या थोड्या वेळाने तात्या हात वर करून सगळ्यांना थांबवायचे, सुई खाली पडायची आणि मला ऐकू यायचं, "या... या... असंच या." एकदा एक मोठा धोंडा लागला तेव्हा मी विचारलं, "रंगनाथ, हा दगड फोडायचा की बाजूने जायचं?" तर आवाज आला, "फोडू नका, वरचं खाली बसंल. खालनं काढा." तात्यांना तसं सांगितलं. ते चमकले, पण त्यांनी पहार खाली घातली.

ऊन डोक्यावरून कलल्यावर पहार पोकळीत गेली.

आतून आधी एक हात दिसला. दोघांनी धरून ओढलं. पोपट होता. तोंडात, नाकात माती, ओठ निळे पडलेले. पण श्वास चालू होता. वर माणसं रडायला लागली, कुणी देवाचं नाव घेत होतं. मी फटीत ओरडलो, "रंगनाथ, पोपटला काढलं! आता तुम्ही!"

हेडफोनमध्ये काही नव्हतं. नुसती हवा.

एक माणूस आत शिरला आणि तसाच मागे आला. "आत कुनी न्हाई," म्हणाला. "बोगदा हितंच संपतो."

पोपटच्या तोंडावर पाणी मारलं होतं. त्याने डोळे उघडले. गया त्याच्यापाशी बसली. "भाऊजी, हे कुठं हायेत?"

"दादा भाईर हुता," पोपट म्हणाला. शब्द नीट फुटत नव्हते. "माती यायला लागली तवा त्यानं मला आत ढकाललं... त्यो भाईरच ऱ्हायला."

"भाईर म्हंजी कुठं?"

"वड्याच्या अंगाला पळाला. मंग आंधारच झाला... पर त्यो बोलत हुता की, वहिनी. मला ऐकू येत हुतं. कुनाशी तरी बोलत हुता सारखा. म्हनून मी गप पडून ऱ्हायलो. म्हनलं दादा हाय."

 गयाने माझ्याकडे बघितलं. मी अजून हेडफोन घालून बसलो होतो.

रंगनाथ सापडला तेव्हा पारनेरची माणसं आली होती आणि दिवस मावळतीला लागला होता. विहिरीच्या पार दुसऱ्या टोकाला, ओढ्याकडच्या भिंतीशी, एका प्रचंड शिळेखाली. मी बघायला गेलो नाही. बरोबर आलेल्या डॉक्टरांना सावंतसाहेबांनी बाजूला घेऊन विचारलं, मी शेजारी उभा होतो. डॉक्टर म्हणाले, "डोक्यावरच पडलंय. त्या क्षणी गेला असणार. दुःख झालं नसेल, एवढंच म्हणायचं."

"नंतर काही बोलला असेल का?" सावंतसाहेबांनी विचारलं.

डॉक्टरांना वाटलं, हे शहरी माणूस धक्क्याने काहीतरी बरळतंय. त्यांनी सावंतसाहेबांच्या खांद्यावर हात ठेवला आणि ते निघून गेले.

मशीन त्या सगळ्या वेळात चालू होतं, मधेमधे टेपही बदलल्या होत्या. मुक्कामी त्या आम्ही दोघांनी ऐकल्या. फावड्यांचे आवाज आहेत, तात्यांची हाळी आहे, माझं ओरडणं आहे. "रंगनाथ, हा दगड फोडायचा की बाजूने जायचं?" मग काही क्षण शांतता... अगदी उत्तराला लागेल तेवढी. आणि मग माझाच आवाज, "खालून काढा म्हणतायत!" सावंतसाहेबांनी मशीन बंद केलं. पुढे आम्ही कितीतरी वर्षं एकत्र काम केलं, पण या विषयावर ते माझ्याशी पुन्हा बोलले नाहीत.

त्या डॉक्युमेंटरीचं संगीत मी केलं. विहिरीच्या दृश्यांवर डायरेक्टरना सारंगी हवी होती. मी म्हणालो, तिथे मी एकही सूर ठेवणार नाही, पाहिजे तर दुसऱ्याकडून करून घ्या. भांडणं झाली, शेवटी त्यांनी ऐकलं. नेमकी तीच शांतता लोकांच्या लक्षात राहिली. तिच्यामुळे मला पुढचं काम मिळालं, मग त्याच्या पुढचं. हार्मोनियम विकावी लागली नाही. माझं सगळं करिअर त्या विहिरीतून वर आलं, असं म्हटलं तरी चालेल. हे लिहिताना बरं वाटत नाही.

मी माझ्या परीने कारणं शोधली. दोघा भावांचे आवाज सारखे असतील, पोपटच बोलला असेल... पण त्याच्या तोंडात माती होती आणि तो शपथेवर सांगतो की त्याने तोंड उघडलं नाही. बरं, तो बोलला असता तर सुई हलली असती. माझा भास म्हणावा, तर पोपटने काय ऐकलं? आणि बाभळीकडचा बोगदा, खालून काढायचा दगड... मला विहिरीतलं काय कळत होतं?

एक गोष्ट मात्र माझ्या फार उशिरा लक्षात आली. त्या सबंध वेळात त्याने एकदाही "मी हितं हाय" असं म्हटलं नाही. "पोपट हाय हितं" म्हणाला. "त्याला हवा पुरायची न्हाई" म्हणाला. ऐकायचं काम माझं होतं, आणि एवढं साधं मी ऐकलं नाही.

आम्ही गाव सोडलं त्या दिवशी मी गयावहिनींच्या घरी गेलो. दारात बायका बसल्या होत्या. पोपट भिंतीला टेकून होता, कुणाच्या नजरेला नजर देत नव्हता. वहिनी बाहेर आल्या. मी काय बोलावं ते ठरवत होतो, तर त्यांनीच विचारलं, "येक इचारू का?"

"विचारा ना."

"एवढा येळ बोलले तुमच्यासंगं. माझं नाव घेतलं का?"

खोटं बोलता आलं असतं. अगदी तोंडावर आलं होतं. पण त्या अशा बघत होत्या की...

"नाही, वहिनी."

त्यांनी मान हलवली. "घरात बी कदी घेत न्हाईत. नुसतं 'अगं' म्हनत्यात." मग पदराने तोंड पुसलं आणि थोडं थांबून म्हणाल्या, "पर मी कानाला लावलं हुतं की तवा. 'अगं' तरी म्हनायचं."

आज इतक्या वर्षांनी, इतकी मशीनं हाताळून, इतके आवाज कापून-जोडून झाल्यावरही मला हे उलगडलेलं नाही. तो आवाज कुठून आला, मलाच का आला, हे मी सांगू शकत नाही. आणि तिला का आला नाही, हे तर मी स्वतःला विचारायचंही सोडून दिलंय.